नववा खंड

ट्रॉलीचं मागचं डावं चाक गेली चार वर्षं कुरकुरत होतं, आणि त्या कुरकुरीवरूनच सगळ्या वॉर्डांना कळायचं की पुस्तकं आली. तेल घाला हो जरा, असं कुणी म्हटलं की ती म्हणायची, "राहू दे, तेवढीच घंटा." बावीस वर्षं ती या हॉस्पिटलात पुस्तकांची ट्रॉली ढकलत होती. तिचं खरं नाव नेमणुकीच्या कागदावर असेल, पण त्या कागदाबाहेर ते कधी आलंच नाही. पेशंट, नर्सा, डॉक्टर, झाडूवाले, सगळे तिला ट्रॉलीताई म्हणत, आणि ती ओ देई.

ट्रॉलीवर काय ठेवायचं याचा नियम जुन्या मेट्रनबाईंचा. बाई म्हणजे जमदग्नी. कादंबरीतली नायिका खोकून खोकून मेली म्हणून एका पेशंटने दोन दिवस अन्नाला तोंड लावलं नाही, तेव्हा बाईंनी उभ्या उभ्या सगळी ट्रॉली रिकामी करायला लावली. रडवणाऱ्या कादंबऱ्या बाद. खुनाच्या बाद, कारण खुनी सापडायच्या आत माणूस घरी जातो, नाहीतर... जाऊ दे. प्रेमाच्या बाद, कारण वॉर्डात आधीच भेटायची वेळ पाळली जात नाही. देवाधर्माची तर अजिबात नकोत, हातात दिली की पेशंट घाबरून विचारतो, "का हो, डॉक्टर काही बोलले का?" मग उरलं काय? विनोदी कादंबऱ्या. आणि संदर्भग्रंथ, कारण त्यांना शेवटच नसतो. कुठूनही उघडा, कुठेही मिटा, अर्धवट राहिल्याची हळहळ नाही.

तेव्हापासून वरच्या फळीवर सासऱ्याची फजिती, जावयाची फजिती, दोन चोर नि एक म्हातारी अशा कादंबऱ्या. खालच्या फळीवर पक्ष्यांचं पुस्तक, ताऱ्यांचं पुस्तक, गाठी कशा माराव्यात त्याचं पुस्तक, जगातल्या नद्या, शिवणकाम, आणि नऊ खंडांचा थोरला ज्ञानकोश. आजारांची म्हणून जी पुस्तकं होती ती बाईंनी कपाटात घालून किल्ली आपल्या कमरेला लावली होती. पण साध्या ज्ञानकोशातही आजार असतातच की! बावीस वर्षांत हे ना बाईंच्या डोक्यात आलं, ना ट्रॉलीताईच्या. आलं ते दादाच्या.

दादा म्हणजे तिचा सख्खा थोरला भाऊ. पुरुषांच्या वॉर्डात, खिडकीजवळच्या सहा नंबरच्या कॉटवर येऊन पडला त्याला आज अकरा दिवस झाले होते. डोळे पिवळे, अंगाला खाज, पाठीत कळा. माणूस जन्मात कधी स्वस्थ बसलेला नाही, त्याला झोपवून ठेवलं म्हणजे काय होणार? उशी उलटी कर, पुन्हा सुलटी कर, छताचे चौकोन मोज, एक चौकोन तिरका बसवलाय म्हणून सिस्टरला बोलावून दाखव. चाळीस वर्षं त्याने छापखान्यात प्रुफं तपासली होती. तीही टेलिफोनच्या डिरेक्टऱ्यांची. गोष्टीची पुस्तकं त्याला ठाऊकच नव्हती. "खोटं आहे ना सगळं? मग चुका काय शोधायच्या त्यात?" असं तो म्हणे, आणि कुणी हसलं की वर म्हणे, यात हसण्यासारखं काही नाही.

दादाला काय झालंय ते तिसऱ्या दिवशी मोठ्या डॉक्टरांनी वहिनीला आणि ट्रॉलीताईला बाहेरच्या बाकावर बसवून सांगितलं. स्वादुपिंडात गाठ आहे. वाईट जातीची आहे. उशिरा कळली आहे. येता सोडून पुढच्या गुरुवारी पोट उघडून बघू, पण फार आशा धरू नका. वहिनी एकदम ताठ बसली आणि म्हणाली, "डॉक्टर, त्यांना यातलं अक्षर सांगायचं नाही. पोटात सूज आहे, काढून टाकू, एवढंच सांगायचं. कळलं तर जेवण सोडतील, औषध सोडतील. मी ओळखते त्यांना." मग नणंदेकडे वळून म्हणाली, "वन्सं, तुम्हाला माझी शप्पथ आहे."

आता शप्पथ म्हटल्यावर झालं! ट्रॉलीताईने मान हलवली. तेव्हापासून तिच्या जिवाला चैन म्हणून नव्हती. घरी असली की हॉस्पिटलात काय चाललंय म्हणून घोर, हॉस्पिटलात असली की त्या सहा नंबरपासून पळत सुटावंसं वाटायचं. बायकांच्या वॉर्डात पुस्तक देता देता ती मध्येच थांबायची आणि पुस्तक तसंच हातात धरून ठेवायची. "द्या की हो ताई!" असं पेशंटला म्हणावं लागे.

वहिनीने तर वेगळीच तऱ्हा धरली. तिने लग्नानंतर हातात धरलेलं छापील काही म्हणजे शिवणयंत्राबरोबर आलेली माहितीपुस्तिका. ती वहिनी रोज वरच्या फळीवरून एक कादंबरी उचलायची आणि दादाच्या उशाशी बसून मोठ्याने वाचायची. वाचता वाचता हसायची. पान उलटलं की हसायची, कुणी पडलं की हसायची, कुणाचं लग्न ठरलं तरी हसायची. चार नंबरचा पेशंट म्हणाला, "काय आनंदी बाई आहेत हो! अशी बायको असली की माणूस अर्धा बरा होतो." दादा हात खाजवत, डोळे खिडकीकडे लावून ऐकायचा, आणि बायको चहा आणायला खाली गेली की बहिणीला म्हणायचा, "खालच्या फळीवरचा दुसरा खंड दे."

पहिल्यांदा तिने दिला. काय हरकत आहे, तिला वाटलं. संध्याकाळी खंड परत घेताना आत कागदाची चिठ्ठी दिसली. प्रुफं तपासणाऱ्यांची सवय, खूण म्हणून चिठ्ठी घालायची. तिने उघडून पाहिलं. 'कावीळ.' आणि त्या नोंदीच्या तळाशी बारीक अक्षरात तीन शब्द: पहा पित्ताशय, यकृत, स्वादुपिंड. तिथेच लिननच्या खोलीत, धुतलेल्या चादरींच्या ढिगावर ती बसली.

दुसऱ्या दिवशी दादाने पाचवा खंड मागितला. चिठ्ठी निघाली पित्ताशयाच्या पानातून. त्याच्या पुढच्या दिवशी सातवा. यकृत. माणूस वाचत नव्हता, माग काढत होता. डिरेक्टरीतला चुकलेला नंबर शोधावा तसा एकेक नाव खोडत चालला होता. आणि आता एकच उरलं होतं, तेही नवव्या खंडात.

"नववा दे," सोमवारी सकाळी दादा म्हणाला.

"नववा बाइंडिंगला गेलाय."

"नवव्याच खंडाची शिवण कशी उसवली? लोक पहिला उघडतात, दुसरा उघडतात. शेवटच्या खंडापर्यंत कोण जातंय?"

"अरे, बाइंडिंगवाला येतो तेव्हा जे हाताला लागेल ते नेतो. तू हे बघ, नवीन आलीय. दोन म्हातारे एकाच घोड्यावर पैज लावतात. वहिनींना वाचायला सांग, पोट धरून हसशील."

"पोट धरूनच बसलोय अकरा दिवस," दादा म्हणाला, आणि कादंबरी पायाशी टाकून दिली. पण जरा थांबून, डोळे बारीक करून म्हणाला, "अगं, तुझ्या ट्रॉलीचा खालचा कप्पा माझ्या कॉटवरून दिसतो. आठवा आहे, आणि त्याच्या शेजारी एक जाडजूड खंड उलटा लावलेला आहे, पाठ आत करून. बावीस वर्षांत तू कधी पुस्तक उलटं लावलंयस?"

ट्रॉलीताईची बोबडीच वळली. उद्या देते, पुसून देते, धूळ बसलीय, असं काहीबाही बोलून ती ट्रॉली घेऊन जी निघाली ती थेट बालकांच्या वॉर्डात जाऊन थांबली. तिथे तिचं काही काम नव्हतं.

मग सोमवारचा उरलेला दिवस तिने कसा काढला तिचं तिला माहीत. वहिनीला जाऊन सांगावं, तर वहिनी म्हणणार, खंड जाळून टाका. डॉक्टरांना सांगावं, तर ते म्हणणार, बाई, मला अकरा पेशंट बघायचेत. आणि नाहीच दिला तर? नाही दिला तर दादाला कळणारच की त्यात काहीतरी आहे. दिला तर त्याच्यासमोर सगळं छापील पडणार. तिने देवळात जाऊन घंटा वाजवणाऱ्यांना आयुष्यभर हसून घेतलं होतं, पण त्या संध्याकाळी रस्त्याने जाताना एका बंद दुकानाच्या पायरीवर उभी राहून ती पुटपुटली, "मला काहीतरी सुचू दे रे बाबा." कुणाला म्हणाली कोण जाणे. आणि सुचलं. सुचायला नको होतं, पण सुचलं.

मंगळवारी दुपारी, पेशंटांची जेवणं चालू असताना, ती नववा खंड घेऊन लिननच्या खोलीत शिरली. दाराला आतून कडी घातली. पान चारशे अकरा. डाव्या हाताला स्टीलची पट्टी, उजव्या हातात नवीन ब्लेड. या बाईने बावीस वर्षं पानं फाडणाऱ्यांच्या नावाने खडे फोडले होते. शब्दकोडं फाडणाऱ्याला एकदा तिने भर वॉर्डात असं झापलं होतं की बिचाऱ्याचं ब्लडप्रेशर मोजावं लागलं. आणि आज तीच! ओळ मात्र वाकडी जाऊ दिली नाही. शिवणीपासून अर्धं बोट सोडून, पट्टी दाबून, एका दमात वरपासून खालपर्यंत ब्लेड ओढलं. पान अलगद हातात आलं. तिने ते न वाचता चार घड्या घालून एप्रनच्या खिशात कोंबलं.

आणि मग तिने ती गोष्ट केली जी दुसऱ्या कुणी केली नसती. शिवलेल्या पुस्तकात एक पान गेलं की त्याचं जोडपान सैल होतं, आज ना उद्या गळतं. हे तिला ठाऊक. तिच्याच्याने राहवेना. तिने ट्रॉलीच्या डब्यातून पांढरी कागदी पट्टी काढली, गोंद लावला, उरलेल्या अर्ध्या बोटाच्या कडेवर नीट बसवली, नखाने दाबून घेतली आणि सुकावी म्हणून फुंकर घातली. पुस्तकाची काळजी घेतली की जरा जिवाला बरं वाटतं, तसं तिला तेवढ्यापुरतं वाटलंही.

दोन वाजता खंड दादाच्या पुढ्यात आला. वहिनी औषधं आणायला गेली होती. "आला एकदाचा बाइंडिंगहून!" दादा म्हणाला. ट्रॉलीताई तिथे थांबली नाही. चार नंबरला नद्यांचं पुस्तक, नऊ नंबरला सासऱ्याची फजिती, बारा नंबर झोपलेला, त्याच्या पायाशी पक्षी. बायकांचा वॉर्ड. तिथे एक आजी म्हणाल्या, "अगं, हे मला सकाळीच दिलंस." परत पुरुषांचा वॉर्ड, दारातून डोकावून परत बाहेर. चाक कुरकुरतंय, कॉरिडॉरच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत. सिस्टर म्हणाली, "ट्रॉलीताई, आज काय मॅरेथॉन आहे का?" ट्रॉलीताई हसली. तिला स्वतःचंच हसू वहिनीसारखं ऐकू आलं.

सव्वातीनला ती सहा नंबरपाशी आली. दादाच्या मांडीवर खंड मिटलेला होता. बारा दिवसांत पहिल्यांदा तो खाजवत नव्हता.

"बस," तो म्हणाला.

"बसायला वेळ कुठाय? अजून प्रसूतीचा वॉर्ड राहिलाय."

"त्यांना आता वाचायला वेळ मिळणार नाही. बस म्हणतो ना."

ती स्टुलावर टेकली.

"चारशे दहानंतर चारशे तेरा आहे."

"फाडलं असेल कुणीतरी मेल्याने! सांगून सांगून जीभ झिजली माझी. लोकांना काय, पुस्तक म्हणजे..."

"फाडणाऱ्याला पट्टी लागत नाही," दादा म्हणाला. आवाज चढवला नव्हता. "आणि फाडून झाल्यावर जोडपान गळू नये म्हणून चिकटपट्टी लावून कोण जातं गं? गोंद अजून ओला आहे. बोटाला लागला माझ्या."

त्याने बोट पुढे केलं. बोटाला खरंच गोंद होता. ट्रॉलीताईला वाटलं, जमीन दुभंगून आत घेईल तर बरं.

"बरं, कापायचंच होतं तर मागची सूचीही कापायचीस. तिच्यात कुठल्या पानावर काय आहे ते सगळं दिलंय." दादाने चष्मा चढवला, खंडाची शेवटची पानं उघडली आणि डिरेक्टरी वाचावी तशा सपाट आवाजात वाचलं. "चारशे अकरा. स्वाद, राहिलेला भाग. स्वादुपिंड. चारशे बारा. स्वामित्व हक्क. स्वेटर, विणकामाची सुरुवात." त्याने चष्मा काढला. "आता यातलं माझ्यापासून लपवण्यासारखं काय असेल? मी काही स्वेटर विणत नाही."

हे ऐकून ट्रॉलीताईला हसू फुटलं. नको तेव्हा, नको तिथे, खोकल्यासारखं ते वर आलं, आणि अर्ध्यातच त्याचं रडू झालं. तिने एप्रन तोंडावर धरला. चार नंबरने मान वळवून पाहिलं आणि शहाण्यासारखी परत नद्यांमध्ये घातली.

"मी नुसतं विचारतोय," दादा म्हणाला. "सूज आहे म्हणतात तेही याच पानावर असणार. स्वादुपिंडाला सूज येते, ती उतरतेही. दुसरंही असणार. दोन्ही एकाखाली एक छापलेली असणार. पान असतं तर मी दोन्ही वाचली असती, आणि रात्रभर स्वतःशी म्हटलं असतं, सूजच असेल, सूजच असेल. माणूस आपल्या सोयीचंच वाचतो. पण सुजेसाठी कुणी पान कापत नाही."

"दादा..."

"तू कापलंस आणि माझी सूज गेली बघ."

शप्पथ तिने मोडली नव्हती. तोंडातून अक्षर काढलं नव्हतं. आणि तरी तिने जितकं स्पष्ट सांगितलं होतं तितकं मोठ्या डॉक्टरांनाही सांगता आलं नसतं. इतकी वर्षं पुस्तकं सांभाळून शेवटी हे केलं आपण, असं वाटून तिला स्वतःची लाज वाटली, आणि रागही आला. स्वतःचा, वहिनीचा, दादाचा, त्या कोश लिहिणाऱ्यांचासुद्धा. इतकं सगळं लिहून ठेवायची काय गरज होती मेल्यांना?

दादाने हात पुढे केला. "दे."

"काय?"

"तू टाकून दिलं नसशील. तुला जमणार नाही ते."

तिने खिशातून चार घड्यांचा कागद काढून त्याच्या तळहातावर ठेवला. त्याने तो गुडघ्यावर नीट सपाट केला, घड्यांवरून अंगठा फिरवला आणि वाचायला घेतला. ओठ हलत होते. एकदा वाचून झालं, पुन्हा वरून सुरुवात केली. ती त्याच्या चेहऱ्याकडे बघत राहिली. आता ओरडेल. आता उशी फेकेल. आता भिंतीकडे तोंड करून पडेल आणि जेवण सोडेल, वहिनी म्हणत होती तसं. दादाने दुसऱ्यांदा वाचून संपवलं.

"कोश जुना आहे रे," ती घाईघाईने म्हणाली. "तीस वर्षांपूर्वीचा. तेव्हा काय होतं? आता केवढी औषधं निघालीत. त्यात किती महिने वगैरे जे लिहिलं असेल ते काही खरं मानू नकोस."

"निघाली असतील. मग ती मला डॉक्टरांनी सांगावीत. मला, समजलं? गुरुवारी पोट माझं उघडणार आणि सही तुझ्या वहिनीची! उघडून काय मिळणार, न उघडून काय जाणार, किती दिवस कॉटवर, किती दिवस घरी, हे विचारून मग मी ठरवीन. कदाचित उघडा म्हणेन. कदाचित नाही म्हणेन. पण मला विचारायला नको? चाळीस वर्षं परक्या लोकांचे नंबर तपासले, स्वतःचा एकदा तपासू द्या की." त्याचा आवाज शेवटी चिरकला. "जा. डॉक्टरांना बोलाव."

ती उठली, पण वळून बघते तो वहिनी कॉटच्या टोकाशी उभी. एका हातात औषधांची पिशवी, दुसऱ्या हातात चहाचा फ्लास्क, काखेत दोन म्हाताऱ्यांची घोड्यावरची कादंबरी. ती कधी आली, काय काय ऐकलं, कोण जाणे. पण चेहऱ्यावर हसू तयार होतं. दारातून आत येतानाच ते चढवून आली होती, आणि आता ते उतरवायचं कसं हे तिला कळत नव्हतं. तिची नजर दादाच्या गुडघ्यावरच्या कागदावर गेली, तिथून नणंदेच्या सुजलेल्या डोळ्यांवर.

"सांगितलंत?" वहिनी म्हणाली. "वन्सं, माझी शप्पथ होती तुम्हाला."

दादा बहिणीची बाजू घ्यायला काहीतरी बोलणार होता, पण ट्रॉलीताईने बोलू दिलं नाही. "हो वहिनी," ती म्हणाली. "मीच सांगितलं."

आता भांडण होणार, असं धरून तिने अंग चोरलं. वहिनीचं भांडण म्हणजे काही साधं नव्हे, त्याला चाळीत माना वळायच्या. पण वहिनी भांडली नाही. ती तिथेच उभी राहून दादाकडे बघत राहिली आणि तिच्या चेहऱ्यावरचं हसू हळूहळू ओघळून गेलं.

"मग इतके दिवस मी हसत कशाला होते?" ती म्हणाली. "गालफडं दुखतात माझी. घरी जाऊन तेल लावून चोळते मी रोज."

"मला कळायचं," दादा म्हणाला. "पान उलटायच्या आधी हसायचीस तू. विनोद पुढच्या पानावर असायचा."

"कळायचं तर बोलला का नाहीत?"

"इतकी मेहनत घेत होतीस."

वहिनीने फ्लास्क छातीशी धरला. "जेवण सोडाल, म्हणून हो," ती म्हणाली. "घाबराल, म्हणून. घाबरत नाही तुम्ही?"

"घाबरतो ना," दादा म्हणाला. "पहिल्या दिवसापासून घाबरतोय. तुम्ही दोघी बाहेरून आत यायच्या, इतक्या हसऱ्या, की मला वाटायचं या वॉर्डात घाबरलेला मी एकटाच आहे."

ट्रॉलीताईने हात लांब करून कॉटभोवतीचा पडदा ओढायला घेतला. वहिनीने फ्लास्क खाली ठेवला, पिशवी ठेवली, काखेतलं पुस्तकही ठेवलं. शेजारी स्टूल रिकामं होतं, पण तिने त्याच्याकडे पाहिलं नाही.

"सरका जरा," ती म्हणाली, आणि तो सरकला.